विद्याने दार का उघडलं नाही?

हिंदी गँगस्टरपटात नायकाला सुधारायची बुद्धी झाली, की त्याच्या प्रेयसीचे दिवस भरले असं खुशाल समजावं. 'दीवार'मध्ये (१९७५) अनिता आई होणार हे कळल्यावर विजय सगळं सोडून पोलिसांच्या स्वाधीन व्हायला निघतो, आणि तेवढ्यात तिचा खून होतो. 'परिंदा'त (१९८९) करण आणि पारो लग्नाच्या रात्रीच मारले जातात. जिच्यामुळे परतीची वाट दिसते तिलाच संपवायचं, म्हणजे उरलेला सूड घ्यायला मोकळा. प्रायश्चित्त राहिलं बाजूला!

रामगोपाल वर्माच्या 'सत्या'त (१९९८) मात्र प्रेयसी जिवंत राहते. बडोद्यात बीई करताना आमच्या वर्गात भिकू म्हात्रेची नक्कल न करणारा मुलगा सापडणं कठीण होतं. मनोज वाजपेयीने कामच तसं केलंय, राष्ट्रीय पुरस्कार उगाच नाही मिळाला. पण आता तिशी ओलांडल्यावर सिनेमा पुन्हा पाहिला आणि मी अडकलो ऊर्मिला मातोंडकरच्या विद्यापाशी.

शेजारच्या खोलीतली, गायिका होऊ पाहणारी साधी मुलगी. सत्याचं तिच्यावर खरंच प्रेम आहे. पण तिला गाण्याची संधी मिळते ती त्याच्या टोळीने संगीतकाराला धमकावल्यामुळे. बिचारीला वाटतं, आपला गळा आवडला! दोघं 'बॉर्डर' बघायला जातात, तिथे पोलीस पोचतात, सत्या गोळी झाडतो आणि चेंगराचेंगरीत माणसं मरतात. तो कोण आहे हे तिला नंतर पोलिसांकडून कळतं. तिला घेऊन दुबईला जायचे बेत त्याने केलेले असतात, फक्त खरं सांगणं तेवढं राहून जातं.

शेवटी जखमी सत्या तिच्या दाराशी येऊन विनवतो. ती दार उघडत नाही.

माझी बायको म्हणते, मरणाऱ्या माणसासाठी तरी उघडायचं होतं. मला नाही पटत. त्याने मारलेल्या माणसांच्या वतीने माफी देणारी विद्या कोण? आणि दार उघडलं असतं, तर आपण सगळ्यांनी सुस्कारा सोडून सत्याला माफ करून टाकलं असतं. यावर आमचं अजून एकमत नाही, तुमच्या घरीही वाद घालून बघा.

सिनेमा संपताना पडद्यावर एक पाटी येते. सत्यासाठी अश्रू आहेत, त्याने मारलेल्यांसाठीही तितकेच आहेत, अशा अर्थाची. त्यात विद्या कुठेच नाही. ती पुढे गायली असेल का?