विंगेतला दिग्दर्शक

चैत्र लागला की जुन्नर-आंबेगावात गावोगाव यात्रा भरतात. दिवसा घाटात बैलगाडे, रात्री तमाशा. तमाशाची सुपारी ठरते नारायणगावात. पुणे-नाशिक रस्त्याला फडांच्या राहुट्या लागतात, यात्रा कमिटीची माणसं राहुटी-राहुटी फिरतात, तारखेवरून आणि पैशांवरून घासाघीस होते. सिनेमा-मालिकांच्या दिग्दर्शकांवर आपण पानं भरभरून लिहितो. फडात तेच काम करणाऱ्या माणसाचं नाव मात्र फलकावर क्वचितच दिसतं. त्याचं काम पाहायचं म्हणून एका यात्रेत मी फडाच्या परवानगीने विंगेत उभा राहिलो.

दुपारी ट्रकजवळच्या सावलीत वगाची तालीम झाली. हातात संहिता नव्हती. फडाचा वग बसवणारे अण्णा पेटीवर बसून कथा सांगत होते. कोण कुठून येणार, कुठल्या शब्दावर ढोलकी थांबणार, हे पक्कं. बाकीची वाक्यं ज्याची त्याने रचायची. नवी मुलगी रडण्याच्या प्रवेशात लवकर रडत होती. अण्णा म्हणाले, “आधी बापाचं ऐकून घे, मग रड.” तिला एवढंच पुरलं.

रात्री गण झाला, गवळणीत मावशीने हशा वसूल केला, रंगबाजी सुरू झाली. पोरं सिनेमाच्या गाण्यांसाठी ओरडत होती. दहानंतर ध्वनिक्षेपकाला बंदी, सवलत मिळाली तरी मध्यरात्रीपर्यंत. एके काळी उजाडेपर्यंत चालणारा वग आता उरलेल्या वेळात बसवावा लागतो. अण्णांचं एक बोट हललं आणि ढोलकीवाल्याने गाणं तोडलं. वग रंगात असताना सोंगाड्या पाणी प्यायला आत आला. अण्णा त्याच्या कानाशी म्हणाले, “तुरुंग गाळ, थेट कचेरी.” तो बाहेर गेला, तुरुंगाची सगळी हकीकत एका विनोदात उरकली आणि शिपायाला हाक मारली. समोर कुणाला पत्ताही लागला नाही. सिनेमावाले ज्याला संकलन म्हणतात ते हेच, फक्त चालू खेळात केलेलं.

मराठी सिनेमाने तमाशाकडून भरपूर घेतलं. अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) पुण्यात विजयानंद थिएटरला १३१ आठवडे चालला. १९७२मध्ये शांतारामबापूंचा ‘पिंजरा’ आला. त्या दिग्दर्शकांची नावं मराठी माणसाला पाठ आहेत, आणि असावीतच. पण शॉट पुन्हा घेण्याची सोय त्यांना होती. विठाबाई नारायणगावकर खेळ चालू असताना विंगेत बाळंत झाल्या आणि पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या, ही हकीकत इथे घरोघरी सांगतात. ती ऐकताना मला नेहमी वाटतं, तेवढा वेळ खेळ पडू न देणारंही कुणीतरी असणार. विठाबाईंच्या नावाने राज्य सरकार जीवनगौरव पुरस्कार देतं. वग बसवणाऱ्यांची नावंही फलकावर छापली जावीत, त्यांचे वग त्यांच्याच तोंडून ध्वनिमुद्रित व्हावेत, असं मला मनापासून वाटतं. कागदावर फार थोडं आहे आणि ही माणसं थकत चालली आहेत.

दुसऱ्या दिवशी हजेरी होती, म्हणजे दिवसाचा खेळ. उन्हातही म्हातारी मंडळी पटके बांधून पुढे येऊन बसलेली. अण्णांनी पडद्याच्या फटीतून गर्दी पाहिली आणि सोंगाड्याला सांगितलं, “आज तुरुंग घे. सगळा घे.”