प्राणांतिक रस्ते अपघातातील नुकसानभरपाई : गणनापद्धती आणि उत्पन्नाच्या पुराव्याचा प्रश्न

प्रस्तावना :
रस्ते अपघातात घरातील कर्ती व्यक्ती मृत्युमुखी पडली की कुटुंबावर दुःखाबरोबरच आर्थिक संकटही कोसळते. मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम १६६ अन्वये मृताचे वारस मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे दावा दाखल करू शकतात. वाहनचालकाचा निष्काळजीपणा सिद्ध झाल्यास न्यायाधिकरण कलम १६८ नुसार 'न्याय्य' नुकसानभरपाई ठरवते. ही रक्कम कशी ठरते व तीत विषमता कोठून शिरते, याचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे.

गणनेची पद्धत :
समान परिस्थितीतील दाव्यांतही निवाड्यांच्या रकमांत तफावत आढळत असे. ती दूर करण्यासाठी सर्वोच्च न्यायालयाने सरला वर्मा खटल्यात (२००९) निश्चित सूत्र घालून दिले. प्रणय सेठी खटल्यात (२०१७) पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने त्यास पूर्णत्व दिले.

प्रथम मृताचे वार्षिक उत्पन्न ठरवून त्यात भावी वाढीची भर घातली जाते. चाळिशीच्या आतील कायम नोकरदारासाठी ती ५० टक्के, तर स्वयंरोजगारी व्यक्तीसाठी ४० टक्के असते. नंतर मृताचा वैयक्तिक खर्च वजा होतो. विवाहित मृताचे अवलंबित दोन ते तीन असल्यास एक तृतीयांश, चार ते सहा असल्यास एक चतुर्थांश, तर अविवाहित मृताच्या बाबतीत सामान्यतः निम्मी रक्कम वजा केली जाते. उरलेल्या रकमेस वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणले जाते. हा गुणक २५ वर्षांपर्यंत १८, तर ३१ ते ३५ वयोगटासाठी १६ असून पुढे तो घटत जातो. याशिवाय सहवासाची हानी, मालमत्तेची हानी व अंत्यविधीचा खर्च यांसाठी २०१७ मध्ये अनुक्रमे ४०,०००, १५,००० व १५,००० रुपये निश्चित झाले. दर तीन वर्षांनी त्यांत १० टक्के वाढ अभिप्रेत आहे.

उत्पन्नाचा पुरावा :
उदाहरणादाखल, ३४ वर्षांच्या एका गवंड्यावर पत्नी, दोन मुले व आई अवलंबून आहेत, असे मानू. त्याचे मासिक उत्पन्न १२,००० रुपये मान्य झाल्यास अवलंबितांची हानी २४,१९,२०० रुपये होते. पुराव्याअभावी तेच ८,००० रुपये धरल्यास ती १६,१२,८०० रुपयांवर येते. महिन्याच्या चार हजारांच्या फरकामुळे कुटुंब ८,०६,४०० रुपयांना मुकते. वय व अवलंबितांची संख्या कागदपत्रांवरून सिद्ध करता येते. रोजंदारीच्या मिळकतीची मात्र बहुधा नोंदच नसते. भाजीविक्रेत्याकडून उत्पन्नाच्या कागदपत्रांची अपेक्षा करणे योग्य नाही, ही भूमिका सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये घेतली. तो दावा अपंगत्वाचा असला तरी त्यातील तत्त्व येथेही लागू पडते.

गृहिणीचे श्रम :
गृहिणीच्या बाबतीत हा प्रश्न अधिक तीव्र होतो. १९९४ मध्ये अंतर्भूत झालेल्या व आता वगळलेल्या दुसऱ्या अनुसूचीत कमावत्या नसलेल्या व्यक्तीचे उत्पन्न वर्षाला अवघे १५,००० रुपये मानले होते. कमावता जोडीदार हयात असल्यास त्याच्या उत्पन्नाचा एक तृतीयांश भाग धरला जाई. कीर्ती खटल्यात (२०२१) सर्वोच्च न्यायालयाने गृहिणीचे कल्पित उत्पन्न ठरवणे ही तिच्या श्रमाची कायदेशीर दखल असल्याचे सांगितले व त्यावरही भावी वाढ मान्य केली. विनामोबदला घरकामावर स्त्रिया दिवसाला सरासरी २९९ मिनिटे, तर पुरुष ९७ मिनिटे खर्च करतात, या २०१९ च्या राष्ट्रीय पाहणीचा आधार निकालपत्रात घेतला आहे.

समारोप :
सूत्रामुळे निवाड्यांत एकवाक्यता आली, हे निःसंशय. परंतु सूत्र समान असले तरी त्यात घातलेला उत्पन्नाचा आकडा वास्तवाहून कमी असेल, तर गणनेअंती ती उणीव कित्येक पटींनी वाढते. म्हणून ठेकेदाराची साक्ष, बँकेतील व्यवहार, कौशल्याचा दाखला, किमान वेतनाचे दर अशा पुराव्यांचे संकलन महत्त्वाचे ठरते. विधी महाविद्यालयांतील विधी साहाय्य केंद्रांनी या कामी शोकग्रस्त कुटुंबांना साहाय्य केल्यास 'न्याय्य' या शब्दाचा आशय अधिक सार्थ होईल.