टाळ्यांसकट गाणं

रंगमंचावरचं गाणं पडद्यावर उतरवण्याची धडपड आपल्याकडे जुनीच. १९३७ साली आपल्या कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी बालगंधर्वांचं नाटक ‘साध्वी मीराबाई’ या नावानं चित्रित केलं. बालगंधर्व म्हणजे लोकांच्या गळ्यातले ताईत. पण त्यांचं मन पडद्यावर रमलं नाही. ते रंगभूमीकडेच परतले. मला वाटतं, समोर श्रोता नाही, ‘वन्स मोअर’ नाही, मग गाणं रंगणार कसं?

आजचा कॅमेरा त्या श्रोत्यालाही टिपू पाहतो. ‘यू-टू’ या आयरिश बँडच्या दौऱ्यावरचा २००७ चा त्रिमितीय चित्रपट घ्या. अशा चित्रीकरणात दोन भिंगं दोन डोळ्यांचं काम करतात. त्यांची किंचित वेगळी चित्रं मेंदू जुळवतो आणि दृश्याला खोली येते. दृश्यं भराभर बदलली तर डोळे शिणतात, म्हणून ती रेंगाळू द्यावी लागतात. गाणं समोरून, टाळ्या पाठीमागून ऐकू आल्या, की आपण गर्दीतलेच एक होतो.

ऑगस्ट २०२४ मध्ये आपलं केशवराव भोसले नाट्यगृह आगीत जळालं. तिथं घुमणारा आवाज असा कुणी जपला असता तर? म्हणून सांगतो, मैफल चित्रित कराल तेव्हा एक माइक प्रेक्षकांतही ठेवा.