स्टेटमेंटमध्ये अनोळखी दुकानाचे नाव? तीन दिवसांची मुदत एसएमएसपासूनच मोजली जाते

गोंदिया : खरेदी तिरोड्यात केली, पण कार्डच्या स्टेटमेंटवर भलतेच नाव दिसते. ही फसवणूकच असेल असे नाही. दुकानाऐवजी मालकाच्या कंपनीचे किंवा पेमेंट गेटवेचे नाव येऊ शकते. आधी तारीख आणि रक्कम बिलाशी जुळवा, घरच्यांना विचारा.

तरीही ओळख पटली नाही, तर लगेच कार्ड ब्लॉक करा, बँकेकडे तक्रार नोंदवून तक्रार क्रमांक घ्या.

घाई का?
रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, ग्राहक आणि बँक दोघांचीही चूक नसेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवले, तर ग्राहकाला भुर्दंड नाही. चौथ्या ते सातव्या दिवशी कळवल्यास बचत खातेदाराला १०,००० रुपयांपर्यंत तोटा सोसावा लागू शकतो. ही मोजणी बँकेचा संदेश मिळाल्यावर सुरू होते. महिन्याच्या स्टेटमेंटची वाट पाहिली, तर मुदत निघून जाते.

ओटीपी स्वतःच दिला असेल, तर बँकेला कळवेपर्यंतचे नुकसान ग्राहकाचे.

दाद कुठे?
बँकेने ३० दिवसांत उत्तर दिले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते. सायबर फसवणुकीसाठी हेल्पलाइन १९३०.