सुपातले आणि जात्यातले

जुलै २०२५. वडवणीला आत्याच्या ओसरीवर मी वर्तमानपत्र वाचून दाखवत होतो. मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांची ९ डिसेंबर २०२४ रोजी हत्या झाली. त्या खटल्यातील एका आरोपीचा दोषमुक्तीचा अर्ज बीडच्या विशेष न्यायालयाने २२ जुलैला फेटाळला होता.

"म्हणजे गुन्हा शाबीत झाला की रे!" आत्या म्हणाली.

वकिलीत माझे केस पिकले. पण हा गैरसमज घरोघर तसाच! म्हटले, "आत्या, तू दळणाआधी ज्वारी पाखडतेस ना? हे तेवढेच. अजून साक्ष नाही, उलटतपासणी नाही. पोलिसांचे कागद पाहून न्यायाधीश एवढेच ठरवतात, की खटला चालवण्याइतका सबळ संशय आहे का. नसेल तर आरोपी दोषमुक्त. असेल तर दोषारोप वाचून विचारायचे, गुन्हा कबूल आहे का? खरे दळण पुढेच."

"अन् दोषमुक्त झाला तर?"

"तीही निर्दोष सुटका नव्हे. नवा पुरावा निघाला, तर खटला पुन्हा उभा राहू शकतो."

निरपराधाची उमर तारखांत जाऊ नये म्हणून ही पाखडणी. आणि ज्यांचे माणूस गेले त्यांना न्यायाचे दार बंद होऊ नये म्हणून ती हलक्या हाताची.

"म्हणजे निकालापर्यंत जीभ आवरायची," आत्या म्हणाली आणि सूप उचलून आत गेली.