एक जूनला जन्मलेली माणसं
(घरची बखर : भाग 6)

मागच्या भागात जुन्या फोटोंबद्दल आणि पत्रांबद्दल लिहिलं. पण ज्या घरात फोटो नाही, पत्र नाही, त्यांनी काय करायचं? बीड जिल्ह्यात गेवराई तालुक्यातल्या तलवाड्यासारख्या गावात असली घरंच जास्त. तिथल्या म्हाताऱ्या माणसांची कागदावरची जन्मतारीख विचारा. पुष्कळदा एक जून निघेल. शाळेत नाव घालताना गुरुजींनी टाकलेली ती तारीख. जी शाळेतच गेली नाही, तिचा तर तेवढाही कागद नाही.

अशा आजीला 'जन्म कधीचा?' म्हणून विचाराल तर 'काय की बाबा' याच्यापुढं गाडी जाणार नाही. सालाऐवजी प्रसंग विचारा. पोलीस ॲक्शन आठवतं का? हैदराबाद संस्थान भारतात आलं ते, सप्टेंबर 1948 चं. बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडायला गेलात, तेव्हा कडेवर कोणतं लेकरू होतं? सुकडी कोणी खाल्ली, मिलोची भाकरी कोणाच्या घशाखाली उतरेना? जायकवाडीच्या उजव्या कालव्याचं खोदकाम चाललं होतं, तेव्हा लग्न झालं होतं का? अशी दोन-तीन उत्तरं आली की वय वर्षा-दोन वर्षांच्या फरकानं बसतं. शिवाय हिशेब करता करता गोष्टही हाती लागते. खरं तर तीच हवी असते.

निजामाच्या अमलातला एखादा कागद सापडलाच, तर त्यावर फसली साल असेल. त्यात 590 मिळवा. फसली 1340 म्हणजे इसवी सन 1930-31. कागद उर्दूत किंवा मोडीत असेल तर जाणकाराकडून वाचून घ्या, अंदाज बांधू नका.

2023 साली मराठा आरक्षणासाठी कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला, न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली आणि मराठवाड्यात घरोघरी वंशावळ हा शब्द आला. खापरपणजोबाच्या नावासाठी लोकांनी तहसीलच्या पायऱ्या झिजवल्या. ते रास्तच होतं. पण त्या वंशावळीत बाप, त्याचा बाप, त्याचा बाप. आजी कुठंच नाही. पणजीचं नाव विचारलं तर घरातले एकमेकांच्या तोंडाकडं बघतात. वंशावळीतली ही भोकं मला कागद हरवण्यापेक्षा वाईट वाटतात, कारण ती आपणच पाडलेली आहेत.

बायकांनी आपली बखर जात्यावर सांगितली. हेमा राईरकर आणि गी प्वातव्हाँ यांनी महाराष्ट्रभरातून एक लाखावर ओव्या गोळा केल्या. शेजारच्या माजलगावात, भीमनगर वस्तीत, 1996 साली बाबासाहेबांवरच्या ओव्यांचं ध्वनिमुद्रण झालं. आई, भाऊ, माहेर, सासुरवास, सगळं त्या ओव्यांत आहे. तुमच्या घरात जातं पडून असेल, तर त्यावर कोण काय म्हणायचं, एवढं विचारून बघा. ओवी पुरी आठवली नाही तरी चालेल.

ऊसतोडीला जाणाऱ्या घरांची बखर आणखी वेगळी. तिथं गावापेक्षा कारखान्याचं नाव आधी निघतं. कोणत्या हंगामात कोणत्या फडावर होतो, मुकादम कोण, उचल किती, बाळंतपण कोपीत झालं की घरी. सहा महिने परमुलखात गेलेल्या माणसाचा इतिहास गावच्या दप्तरात कसा सापडेल?

विचारायला खास बैठक मांडू नका. मोबाइल समोर धरून 'आजी, जीवनकहाणी सांगा' म्हटलं की आजी पदर सावरून गप्प बसते. शेंगा फोडताना, ज्वारी निवडताना विचारा. मोबाइल बाजूला ठेवा, पण चालू आहे हे तिला सांगा. मध्ये तोंड घालू नका. एकच गोष्ट दोघांनी वेगळी सांगितली, तर दोन्ही ठेवा.

तलवाड्याच्या त्वरितादेवीचं नवरात्र सरलं, दसरा झाला की ऊसतोडीच्या टोळ्यांचे ट्रक लागतात. घरात मागं राहतात म्हातारी माणसं. विचारणारे फडावर गेलेले असतात. तेव्हा निघण्याआधी एवढं तरी करा : आजीचं माहेर कोणतं आणि तिच्या आईचं नाव काय, हे लेकराच्या वहीत लिहून ठेवा.