लखनऊची एक युद्धकाळातली कादंबरी : 'देशद्रोही'

लखनऊ म्हटलं की मला हिंदी लेखक यशपाल आठवतात. भगतसिंगांचे हे साथीदार 1938 मध्ये तुरुंगातून सुटले, लखनऊला स्थायिक झाले आणि इथूनच त्यांनी 'विप्लव' मासिक काढलं. त्यांची 'देशद्रोही' ही हिंदी कादंबरी ऐन महायुद्धात, 1943 साली आली.

लष्करी डॉक्टर खन्नाला सरहद्दीवरून वझिरी टोळीवाले पळवून नेतात. घरी तो मेला असंच धरून चालतात. बायको, राज, आधी पार कोलमडते, मग काँग्रेस कार्यकर्ते बद्रीबाबूंशी लग्न करते. आणि अफगाणिस्तान, रशिया करत खन्ना जिवंत परततो, तोही कम्युनिस्ट होऊन! बेचाळीसच्या 'चले जाव' आंदोलनाच्या धामधुमीत युद्धाला पाठिंबा देणारा म्हणून बाहेर देशद्रोही ठरलेला, आणि घरात त्याला जागाच उरलेली नाही.

कम्युनिस्ट पक्षाची बाजू मांडताना कादंबरी भाषणबाजी करते, हे खरं. पण राजची घुसमट, तिची बहीण चंदा आणि चंदाचा संशयी नवरा यांच्यातला ताण यशपाल फार बारकाईने टिपतात. विश्राम बेडेकरांची 'रणांगण' (1939) ही कादंबरी आवडलेल्यांनी ही जरूर वाचा.